मंथरेचा चेहरा

जबलपूर हे तलावांचे शहर. येथे एके काळी बावन्न ताल होते असे जुनी माणसे सांगतात. आज त्यांतील कित्येक तलाव पाण्यापेक्षा वस्त्यांच्या नावांनीच अधिक ओळखले जातात : राणीताल, आधारताल, हनुमानताल, हाथीताल. लोकपरंपरा असे सांगते की, राणी दुर्गावतीने बांधविला तो राणीताल, तिचा दिवाण आधारसिंह याने बांधविला तो आधारताल आणि राणीच्या एका दासीने बांधविला तो चेरीताल. ‘चेरी’ म्हणजे दासी. १५६४ साली मोगल सैन्याशी लढताना देह ठेवणारी राणी इतिहासाने आणि लोकगीतांनी जतन केली. दासीच्या वाट्याला एका वस्तीचे नाव तेवढे आले. मी याच चेरीतालात लहानाचा मोठा झालो. आपण एका दासीच्या नावाने राहतो आहोत याची जाणीव मात्र मला बालपणी कधीच झाली नाही. ती ज्या प्रसंगाने झाली, तो एका नटीच्या चेहऱ्याशी आणि माझ्या स्वतःच्या एका अपराधाशी निगडित आहे. त्या अपराधाचा विचार करता करता, माणसाचा चेहरा आणि त्याचे शील यांचा संबंध कोण जोडतो, हा प्रश्न मला पुढे अनेक वर्षे सोडून गेला नाही.

चेरीतालातील आमच्या गल्लीत तीन-चार मराठी घरे होती. १८१७ पर्यंत हा मुलूख नागपूरकर भोसल्यांकडे होता आणि १९५६ पर्यंत जबलपूर व नागपूर ही दोन्ही शहरे एकाच प्रांतात नांदत होती. त्यामुळे रेल्वे, न्यायालय, तोफगाड्यांचा कारखाना अशा निमित्तांनी आलेली मराठी कुटुंबे येथे पिढ्यान् पिढ्या रुजली होती. घरात मराठी आणि उंबरठ्याबाहेर हिंदी अशी आमची भाषिक दिनचर्या होती. आजीच्या कोनाड्यात रामविजय होते, तर शेजारच्या घरातून रामचरितमानसाचे पठण ऐकू येई. दोन्ही रामायणे आमचीच होती. १९८७ च्या जानेवारीत दूरदर्शनवर ‘रामायण’ मालिका सुरू झाली, तेव्हा गल्लीतील बहुतेक सर्वजण रविवारी सकाळी आमच्या ओटीवर जमू लागले, कारण दूरचित्रवाणीसंच आमच्याकडे होता. कोणी हात जोडून बसे, कोणी पडद्याला हळदकुंकू वाही.

त्या मालिकेत मंथरेची भूमिका ललिता पवार यांनी केली होती. त्यांनी तेव्हा सत्तरी ओलांडली होती. त्या पडद्यावर येताच वडील माणसांमध्ये एक ओळखीची कुजबुज झाली. कोणीतरी म्हणाले, “हिच्याशिवाय दुसरी कोण शोभणार?” आम्हां मुलांना त्यांचे नाव ठाऊक नव्हते. आम्हांला दिसला तो फक्त वाकलेला देह, काठी, बारीक झालेला डावा डोळा आणि एका बाजूला खेचले गेलेले ओठ.

तोच बारीक डोळा आणि तसेच खेचलेले ओठ आमच्या ओटीवरच होते. पलीकडच्या घरात एक वृद्ध काकू राहत असत. काही वर्षांपूर्वी त्यांच्या तोंडावरून वारे गेले होते. डावी पापणी पूर्ण मिटत नसे आणि बोलताना ओठांचा एक कोपरा जागीच राही. पुढच्या रविवारी त्या नेहमीप्रमाणे पदर सावरीत आल्या, तेव्हा दारात उभी असलेली हिंदी मुले ओरडली, “मंथरा आ गई!” सर्व मुले हसली. मीही हसलो. हसलो एवढेच नव्हे, तर नंतरच्या दिवसांत त्या गल्लीतून जाताना ती हाक मराठीत देणारा मुलगा मीच होतो. तेव्हा मी अकरा वर्षांचा होतो.

काकूंनी कोणाकडे तक्रार केली नाही. रविवारी येणे मात्र त्यांनी बंद केले. आईला नवल वाटले. तिने विचारले, तेव्हा डोळ्यांना त्रास होतो असे त्यांनी सांगितले. मग एकदा मी अंगणात असताना त्यांनी कुंपणापलीकडून मला हाक मारली आणि अगदी साध्या आवाजात म्हणाल्या, “तुमचं रामायण संपलं की सांग हो बाळा, मग येते विरजण न्यायला.” त्या बोलण्यात राग नव्हता. त्यामुळेच ते बोल मी विसरू शकलो नाही. पुढे आईला सगळे कळले. ती मला एवढेच म्हणाली, “त्यांचं तोंड आजारानं वाकडं झालं. तुझी जीभ कशानं वाकडी झाली?”

या प्रश्नाचे उत्तर मला त्या वेळी देता आले नाही. पुढे चित्रपटांविषयी वाचू लागलो, तेव्हा ध्यानात आले की, ज्या चेहऱ्याच्या आधाराने मी काकूंना मंथरा ठरविले, त्या चेहऱ्याचाही स्वतःचा एक इतिहास होता, आणि तो काकूंच्या इतिहासाहून फारसा निराळा नव्हता.

ललिता पवार यांचा जन्म १९१६ साली नाशिक जिल्ह्यातील येवल्याचा. मूकपटांच्या काळात बालनटी म्हणून त्या पडद्यावर आल्या. १९३० नंतरच्या दशकात त्या नायिका होत्या. साहसपटांत आणि पौराणिक चित्रपटांत त्यांना मागणी होती. त्या गात असत, आणि निर्मितीचे धाडसही त्यांनी केले. १९३२ चा ‘कैलास’ हा मूकपट आणि १९३८ चा ‘दुनिया क्या है’ हा बोलपट यांच्या निर्मितीत त्यांचा वाटा होता. १९४२ साली ‘जंग-ए-आझादी’ या चित्रपटाच्या चित्रीकरणात मास्टर भगवान यांनी त्यांना थप्पड मारण्याचा प्रसंग होता. थप्पड अभिनयाच्या मर्यादेबाहेर जोराची बसली. चेहऱ्याच्या एका बाजूला पक्षाघात झाला आणि डाव्या डोळ्याला कायमची इजा झाली. दीर्घ उपचार झाले, तरी चेहरा पूर्ववत झाला नाही. ऐन पंचविशीत त्यांच्या नायिकापदावर पडदा पडला.

येथे त्यांची कारकीर्द संपली असती, तर त्यात कोणाला नवल वाटले नसते. परंतु त्यांनी त्याच चेहऱ्यानिशी पुन्हा कॅमेऱ्यासमोर उभे राहण्याचे ठरविले. १९४४ च्या प्रभातच्या ‘रामशास्त्री’मध्ये त्या आनंदीबाई झाल्या, १९५० च्या व्ही. शांताराम यांच्या ‘दहेज’मध्ये सुनेचा छळ करणारी सासू झाल्या. त्यानंतरची जवळजवळ चाळीस वर्षे दुष्ट सासू, कजाग सावत्र आई, कारस्थानी वृद्धा यांची जी अखंड रांग हिंदी चित्रपटांतून उभी राहिली, तिच्या अग्रभागी त्यांचा चेहरा होता. १९८० साली ‘सौ दिन सास के’ आला, तोपर्यंत त्यांचे नाव हे व्यक्तिनाम न राहता सामान्यनाम झाले होते. मराठी आणि हिंदी घरांतून एखाद्या सासूला ‘ललिता पवार’ म्हटले की अधिक काही सांगावे लागत नसे. मूकपटापासून दूरचित्रवाणीपर्यंत सुमारे साठ-सत्तर वर्षांचा हा प्रवास. भारतीय चित्रपटाच्या इतिहासात इतका दीर्घ काळ इतक्या सातत्याने काम केलेली नटी विरळाच. १९९८ च्या फेब्रुवारीत पुण्यात त्यांचे निधन झाले.

या वृत्तान्तात नैतिक प्रश्न कोठे उद्भवतो? अपघाताने बधिर झालेला एक स्नायू हे मुळात शरीरातील एक तथ्य आहे. त्याला चांगले किंवा वाईट अशी गुणवत्ता नाही. इजा ज्याच्या वाट्याला आली तो अपराधी नसतो. तो सोसणारा असतो. तरीही प्रेक्षागृहातील हजारो माणसांना तो बारीक डोळा दिसताच कपटाची खूण पटत असे. सोसण्याची खूण दुष्टपणाची खूण कशी झाली? हा बदल त्या चेहऱ्यात झाला नव्हता. तो पाहणाऱ्याच्या मनात झाला होता. चित्रपटाने त्याचा लाभ घेतला. आम्ही त्याला टाळ्या दिल्या. मी तो उचलून थेट शेजारच्या अंगणात नेला.

व्यंग आणि वाईट यांची ही जोडी चित्रपटाने निर्माण केलेली नाही, हे मान्य करावे लागेल. ती फार जुनी आहे. शेक्सपिअरने तिसऱ्या रिचर्डला कुबड दिले आणि त्या कुबडाशी त्याची क्रूरता बांधली. आपल्या म्हणींत एकाक्ष आणि पंगू माणसांविषयी जे निष्ठुर उद्गार आहेत, त्यांची उजळणी येथे नको. मंथरा तर कुब्जाच आहे. परंतु परंपरेच्या याच कोठारात त्या जोडीला छेद देणाऱ्या गोष्टीही आहेत. आठ ठिकाणी वाकडा असलेला अष्टावक्र जनकाच्या सभेत शिरला तेव्हा पंडित हसले. ज्यांची दृष्टी कातडीपाशीच थांबते त्यांना ज्ञानी कसे म्हणावे, असे त्याने त्यांना विचारल्याची कथा आपण सर्वजण ऐकत आलो. बाह्य रूपावर भुलणाऱ्यांना चोखोबांनी केलेला प्रश्न कोणत्याही मराठी वाचकाला सहज आठवेल. म्हणजे आपल्याला हे ठाऊक नव्हते असे नाही. ठाऊक असूनही ते आपण प्रेक्षागृहाच्या बाहेर ठेवून आत जात होतो.

खुद्द मंथरेविषयी परंपरा काय म्हणते, हे मी पुढे मुळातून वाचले आणि चकित झालो. वाल्मीकी तिचा परिचय करून देतात तो कैकेयीच्या माहेरून आलेली दासी म्हणून, जिच्या जन्माचा ठावठिकाणा कोणाला ठाऊक नाही अशी. प्रासादाच्या गच्चीवरून ती शृंगारलेली अयोध्या पाहते. रामाला यौवराज्य मिळणार हे तिला एका दाईकडून कळते. तोपर्यंत हे तिला कोणी सांगितलेलेही नसते. कैकेयीला ही वार्ता ऐकून प्रथम आनंदच होतो आणि ती मंथरेला एक दागिना देते. मंथरा तो फेकून देते. तिच्या बोलण्यात विष आहे, यात शंका नाही. परंतु त्या विषाच्या तळाशी भय आहे. सवतीचा पुत्र राजा झाला की धनीण दासी होईल, आणि धनीण दासी झाली की दासीच्या दासीचे काय होईल, हे तिला स्पष्ट दिसते. ज्याला स्वतःचे काहीच नाही त्याचे सारे जग धन्याच्या भाग्यावर टेकलेले असते. मंथरा दुष्ट असेल, पण ती निष्कारण दुष्ट नाही.

पुढचा प्रसंग याहूनही बोलका आहे. राम वनात गेल्यावर आणि दशरथ निवर्तल्यावर शत्रुघ्न मंथरेला धरून फरफटत नेतो. त्या वेळी भरत त्याला थांबवितो. स्त्री अवध्य आहे, हे तर तो सांगतोच, पण त्याहून महत्त्वाचे असे सांगतो की, या कुब्जेला आपण मारले हे रामाला कळले तर तो आपल्याशी बोलणारही नाही. ज्याचे राज्य गेले तोच तिच्या शिक्षेच्या आड उभा आहे. तुलसीदास तर आणखी पुढे जातात. देवांच्या प्रार्थनेवरून सरस्वतीने मंथरेची मती फिरविली, असे ते सांगतात. अध्यात्मरामायणातही हीच योजना आहे. रावणवध व्हावयाचा तर वनवास घडला पाहिजे, आणि वनवास घडायचा तर कोणीतरी वाईट व्हायला हवे. देवांना त्यासाठी एक दासी सापडली. तुलसीदासांनी तिच्यासाठी जो शब्द योजला आहे तो वाचताना माझे बोट पानावर थांबले. तो शब्द होता ‘चेरी’. शेजारच्या घरातून शेकडो वेळा कानांवर पडलेला हा शब्द माझ्या वस्तीच्या नावात होता, आणि मला तो कधी ऐकूच आला नव्हता.

येथवर सारा दोष पाहणाऱ्याचा आहे असे वाटेल. परंतु प्रामाणिक विचार एवढ्यावर थांबू शकत नाही. नटीचे काय? आपल्याच जखमेचा दुष्टत्वाची खूण म्हणून उपयोग होत आहे, हे ललिता पवारांना कळत नसेल असे मानणे म्हणजे त्यांच्या बुद्धीचा अपमान आहे. तो डोळा बारीक करण्याची, ते ओठ खेचण्याची क्रिया त्यांनी पुढे कलेच्या पातळीवर नेली. जे दुर्दैवाने आले होते ते त्यांनी साधन केले. यात असामान्य धैर्य आहे, हे निःसंशय. पण त्यांच्या प्रत्येक यशस्वी भूमिकेबरोबर, तसाच चेहरा असलेल्या आणि नटी नसलेल्या एखाद्या बाईचे जिणे थोडे अधिक कठीण होत होते, हेही खरे नाही काय? चेरीतालच्या काकूंना कोणते मानधन मिळाले नव्हते, कोणते पारितोषिकही नव्हते. त्यांना त्या भूमिकेचे फक्त परिणाम मिळाले.

हा आक्षेप मी बराच काळ मनात बाळगला होता. पुढे दोन गोष्टींनी तो सौम्य झाला, पूर्णपणे गेला असे मी म्हणणार नाही. पहिली गोष्ट अशी की, निवड करण्याचे स्वातंत्र्य ज्याला आहे त्यालाच पूर्ण जबाबदार धरता येते. जखमी झालेल्या नायिकेला या व्यवसायाने एकच दार उघडे ठेवले होते. त्या दारातून आत गेल्याबद्दल तिला जाब विचारायचा, आणि बाकीची दारे ज्यांनी लावून घेतली त्यांना काही विचारायचे नाही, हा न्याय विपरीत आहे. दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची आहे. त्या एकाच दारातून आत जाऊन त्यांनी आतून भिंतीला एक खिडकी पाडली.

१९५५ च्या ‘श्री ४२०’मधील केळी विकणारी गंगामाई आठवावी. १९५९ चा हृषीकेश मुखर्जी यांचा ‘अनाडी’ आठवावा. त्यातील मिसेस डिसा ही ख्रिस्ती घरमालकीण भाडेकरू तरुणावर सारखी खेकसत असते आणि पोटच्या मुलाप्रमाणे त्याला जपत असते. या भूमिकेसाठी त्यांना सहायक अभिनेत्रीचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. १९६१ मध्ये त्याच दिग्दर्शकाच्या ‘मेमदीदी’मध्ये त्या शीर्षकभूमिकेत होत्या, आणि १९७१ च्या ‘आनंद’मधील रुग्णालयाची करडी आणि मायाळू मेट्रनही त्याच. या भूमिकांत त्यांनी चेहरा बदललेला नाही. डोळा तोच आहे, ओठ तेच आहेत, आवाजातील धार तीच आहे. बदलतो तो आपल्या मनातील अर्थ. ‘दहेज’मध्ये जी आठी क्रौर्याची वाटते, तीच ‘अनाडी’मध्ये काळजीची वाटू लागते. एकाच चेहऱ्यावर दोन परस्परविरुद्ध शीले वाचता येत असतील, तर चेहऱ्यावर शील लिहिलेले नसते, एवढेच सिद्ध होते. हा सिद्धान्त तत्त्वज्ञांनी ग्रंथांत मांडला असेल. या नटीने तो सामान्य प्रेक्षकाच्या डोळ्यांसमोर, त्याला न कळत, सिद्ध करून दाखविला. १९६१ साली संगीत नाटक अकादमीने त्यांचा गौरव केला तो खलभूमिका करणारी नटी म्हणून नव्हे, अभिनेत्री म्हणून. प्रेक्षकांपैकी किती जणांनी हा भेद लक्षात घेतला, हा प्रश्न वेगळा.

याची दुसरी बाजूही पाहावी. सुलोचनाबाईंनी १९५३ च्या ‘वहिनीच्या बांगड्या’पासून मराठी मनात वात्सल्याची जी प्रतिमा उभी केली, तिने त्या २०२३ साली निवर्तेपर्यंत लोकांच्या देवघराशेजारी जागा मिळविली होती. लोक त्यांच्या पाया पडत. नीळू फुले आयुष्यभर राष्ट्र सेवा दलाच्या संस्कारात वाढलेले आणि सामाजिक कृतज्ञता निधीसारख्या कामात रमलेले गृहस्थ. परंतु पडद्यावरच्या सरपंचामुळे आणि पाटलामुळे खेड्यातल्या बाया त्यांना बिचकत असत. आदर आणि तिरस्कार यांची ही वाटणी आपण भूमिकांवरून केली. तिरस्कार चुकीचा होता हे आपण आज सहज मान्य करतो. पण मग आदराचे काय? नटाला भूमिकेतील पापाचा वाटा द्यायचा नसेल, तर भूमिकेतील पुण्याचाही देता येणार नाही. सुलोचनाबाईंचे मोठेपण त्यांच्या स्वतःच्या जगण्यात आणि कलेत शोधावे लागेल, त्यांच्या चेहऱ्यावरच्या सोज्वळपणात नव्हे. सुंदर चेहऱ्याला आपण जे पुण्य उदारपणे बहाल करतो, त्याची किंमत वाकड्या चेहऱ्यांकडून वसूल होत असते, ही गोष्ट आपल्या ध्यानात येत नाही.

आणि हा हिशेब केवळ चेहऱ्यांपुरता नसतो. वाईटपणा एका वृद्ध स्त्रीच्या डोळ्यात साठविला की बाकीचे सुटतात. हुंड्याची प्रथा ही मालमत्तेची, वारशाची आणि पुरुषसत्तेची व्यवस्था आहे. चित्रपटगृहात मात्र तिचा सारा दोष एका सासूच्या वाट्याला येतो, आणि त्या सासूला शिव्या देऊन बाहेर पडलेला प्रेक्षक घरी जाऊन मुलाच्या लग्नाची बोलणी निर्धास्तपणे करू शकतो. वनवासामागे दशरथाने दिलेली वचने होती, हे मंथरेमुळे विसरता येते. नारायणराव पेशव्यांचा १७७३ मधील खून हा पेशवाईतील सत्तास्पर्धेचा परिपाक होता. पण लोकस्मृतीने तो आनंदीबाईंच्या लेखणीने ‘ध’चा ‘मा’ केला एवढ्यात आटोपला. ही आख्यायिका आहे, तिला भक्कम कागदोपत्री आधार नाही, हे इतिहासाचे अभ्यासक सांगत आले असले तरी ती मागे हटत नाही. मंथरा आणि आनंदीबाई या दोघींनाही एकच नटी लाभली, हा योगायोग मला अर्थपूर्ण वाटतो. ज्या दोन स्त्रियांवर समाजाने आपल्या पापाचे गाठोडे ठेवले, त्यांचे ओझे याच स्त्रीने आपल्या चेहऱ्यावर वाहिले.

‘दुनिया क्या है’ हा चित्रपट टॉलस्टॉय यांच्या ‘रिसरेक्शन’ या कादंबरीवर आधारलेला होता. त्या कादंबरीत एका स्त्रीवर खटला चालतो आणि न्यायनिवाड्यासाठी बसलेल्या पंचांमध्ये नेमका तो पुरुष असतो, ज्याने तिला या वाटेला लावले. न्याय करणारा स्वतःच अपराधी आहे, हे ज्या क्षणी त्याला कळते तेथून कथेला आरंभ होतो. आपल्या चेहऱ्याला इजा होण्यापूर्वी चार वर्षे ललिताबाईंना ही कथा पडद्यावर आणावीशी वाटली. पुढे आयुष्यभर त्या ज्या प्रेक्षकांसमोर आरोपी म्हणून उभ्या राहणार होत्या, त्या प्रेक्षकांची जागाही त्या पंचाचीच होती. माझीही तीच होती.

मग भूमिकेची नीती कोणती? मला वाटते, ती दोघांनी मिळून पाळायची असते. नटाचे कर्तव्य असे की, त्याने वाईट माणसालाही त्याची कारणे द्यावीत. त्याच्या भयाला, हव्यासाला, अपमानाला जागा द्यावी, म्हणजे तो राक्षस न राहता माणूस होईल. प्रेक्षकाचे कर्तव्य असे की, दिवे लागल्यावर त्याने चेहरा ज्याचा त्याला परत करावा. भूमिका पडद्यावर ठेवून यावी. तिरस्कार करायचाच असेल तर कृत्याचा करावा, आणि ते कृत्य आपल्या घरात कोठे चालू आहे हे पाहावे. नटाने आपले काम केले आणि प्रेक्षकाने केले नाही, तर जी जखम होते ती नटाला फार लागत नाही. त्याला निदान भूमिका संपल्याचे ठाऊक असते. ती लागते एखाद्या शेजारणीला, जिने कोणतीच भूमिका स्वीकारलेली नसते.

२०२० च्या मार्च महिन्यात टाळेबंदी झाली आणि दूरदर्शनने ‘रामायण’ पुन्हा दाखविण्यास आरंभ केला. चेरीतालातील त्याच घरात, थकलेल्या आईशेजारी बसून मी ते पाहिले. या वेळी ओटीवर कोणी नव्हते. गल्लीत शुकशुकाट होता. मंथरा पडद्यावर आली. मला तिच्या नजरेत एक गोष्ट प्रथमच दिसली : कैकेयीने दागिना पुढे केला तेव्हा त्या म्हाताऱ्या दासीच्या चेहऱ्यावर, कपटाच्याही आधी, धास्ती उमटून गेली. ती तेथे पूर्वीही असणार. अकरा वर्षांच्या मुलाला ती दिसली नाही, कारण त्याला डोळा फक्त बारीक झालेला दिसला होता, त्या डोळ्यातून कोणी पाहत आहे हे दिसले नव्हते. सत्तरी उलटलेल्या, अर्ध्या आयुष्याहून अधिक काळ लोकांचा तिरस्कार पोटासाठी आणि कलेसाठी झेललेल्या त्या बाईंनी आपल्या अखेरच्या मोठ्या भूमिकेतही मंथरेला तिचे भय दिले होते. त्यांनी आपल्या बाजूचे कर्तव्य केले होते.

आई बराच वेळ काही बोलली नाही. भाग संपल्यावर ती म्हणाली, “त्या वेळी आपण काकूंना घरी जाऊन बोलवायला हवं होतं रे.” ती ‘तू’ म्हणाली नाही, ‘आपण’ म्हणाली. काकूंना जाऊन तेव्हा बरीच वर्षे झाली होती. ‘रामायण संपलं’ हे सांगायला मी कधी गेलोच नव्हतो. मालिका १९८८ च्या जुलैमध्ये संपली तेव्हा ते मला आठवलेही नाही. विरजणाची वाटी घेऊन त्या पुन्हा आमच्या दारी आल्या की नाही, हे आज मला सांगता येत नाही, आणि न सांगता येणे हाही त्या अपराधाचाच भाग आहे.

आता कोणी पत्ता विचारला की मी ‘चेरीताल’ असे सांगतो, तेव्हा तो शब्द पूर्वीसारखा नुसता उच्चारून होत नाही. कोणा एका दासीने लोकांसाठी पाणी साठविले अशी या गावाची समजूत आहे. दुसऱ्या एका दासीने राज्य बुडविले अशी साऱ्या देशाची समजूत आहे. दोघींचाही चेहरा आपल्यापैकी कोणी पाहिलेला नाही. तो आपणच घडविला आहे. तो घडविताना आपण कोणाच्या अंगणातून काय उचलून आणले, एवढे तरी माणसाने कधीतरी थांबून स्वतःला विचारावे.